विषय संपवा

६ फेब्रुवारी

काल दुपारी हिला मारलं. नव्या बसस्थानकाचं उद्घाटन होतं. गाडीतून एक पाय खाली ठेवला आणि गर्दीतून कोणीतरी लोखंडी सळई घातली. पहिला घाव मानेवर, दुसरा तोंडावर. तिसऱ्याची गरज नव्हती, तरी घातला म्हणतात.

मी माझ्या लॅबमध्ये होतो. एका म्हातारबुवांच्या कवळीला पॉलिश करत होतो. मशीनच्या आवाजात फोन ऐकू आला नाही, म्हणून माणूस पाठवला. तो दारातूनच म्हणाला, "ताईंना लागलंय." लागलंय म्हणाला. मी कवळी पाण्यात ठेवली, मशीन बंद केलं, हात धुतले आणि निघालो.

हॉस्पिटलमध्ये डॉक्टर नको म्हणत होते. चादर मीच बाजूला केली. खालचा जबडा जागेवर नव्हता. वरचे पुढचे दोन दात, मी केलेले, जसेच्या तसे होते. मला आधी तेच दिसले. धंद्याची सवय.

आज एवढंच लिहवतं.

७ फेब्रुवारी

अंत्ययात्रा. रस्ता दिसत नव्हता, नुसती डोकी. राजधानीहून पक्षाचे अध्यक्ष आले, तीन मंत्री आले. सगळ्यांनी माझा हात धरला. प्रत्येकाचा हात धरून झाल्यावर माझा हात परत माझ्याकडे आला की तो कुठे ठेवावा कळत नव्हतं.

सगळं पैलवानाने बघितलं. तरुणपणी कुस्ती खेळायचा, म्हणून पैलवान. हिच्या पहिल्या निवडणुकीपासून आमच्या दारात. हिला ताई म्हणतो, म्हणून मी भावोजी. "भावोजी, तुम्ही फक्त चालत राहा," म्हणाला. मी चालत राहिलो.

परत येताना वेल्डरांच्या गल्लीकडून धूर. कोणीतरी एका वेल्डरचं नाव घेतलं होतं. रस्ता रुंद करताना त्याची शेड हिने पाडली होती, आणि तेव्हा तो भर चौकात ओरडला होता, "बाई, आज माझी पाडलीस, उद्या तुझी पडेल." एवढं पुरलं. त्याला घरातून ओढून काढलं. त्याच्याच घणाने त्याचे दोन्ही पाय मोडले. पोलिसांनी अर्धमेला उचलून सरकारी हॉस्पिटलात टाकला. मग गल्ली पेटवली. गॅसचे सिलिंडर फुटल्याचे आवाज आमच्या अंगणापर्यंत येत होते. अंगणात माणसं चहा पीत होती. प्रत्येक आवाजाला कप थांबायचे आणि पुन्हा ओठाला लागायचे.

८ फेब्रुवारी

आज कोणाशी बोललो नाही. कोणाच्या लक्षात आलं नाही.

११ फेब्रुवारी

आमची ओळख दातांमुळे झाली. वॉर्डाची निवडणूक, हिची पहिलीच. मतदान केंद्रावर समोरच्यांनी हिला खुर्ची फेकून मारली. पुढचे दोन दात गेले. दंतवैद्याने मला माप घ्यायला बोलावलं. तोंडाला रुमाल लावून बसली होती. म्हणाली, "लवकर करा, शनिवारी सभा आहे." मग जरा थांबून, "नाही. सभेनंतरच द्या."

दोन गल्ल्यांत फेरमतदान होतं. फुटक्या तोंडाने सभा घेतली. ओठ सुजलेला, शब्द नीट येत नव्हते, बोलताना थुंकी उडत होती. लोक रडत होते. निवडून आली. दात नंतर बसवले. लग्न त्याच्याही नंतर.

पुढे गावभर, मग देशभर भिंतींवर हिचं हसू लागलं. त्यातलं मधलं हसू माझं होतं. हे मी कोणाला सांगितलं नाही. तिला माहीत होतं.

वॉर्डात असताना तुंबलेल्या गटारात कोपरापर्यंत हात घालून हिने पोतं ओढून काढलेलं मी पाहिलंय. शेजारी नगरपालिकेचा इंजिनियर नाकाला रुमाल लावून उभा. नगराध्यक्ष झाली तेव्हा रस्ता रुंद करायला बुलडोझरच्या पुढे स्वतः चालली. दगड आले. कपाळाला टाके घालून तासाभरात परत तिथेच. मी म्हटलं, जरा पड. म्हणाली, "मी पडले की रस्ता पडला."

खासदार झाल्यावर पहिलं भाषण केलं आणि लगेच राजधानीहून फोन.

"ऐकलंत?"

"ऐकलं."

"दात दिसत होते?"

"दिसत होते."

"खोटे वाटत होते?"

"नाही."

"मग झालं," म्हणाली आणि ठेवला.

राज्यमंत्री झाली तरी शनिवार-रविवार घरी यायची. संध्याकाळी व्हरांड्यात पैलवान आणि ही. मी शेजारी लॅबमध्ये. शब्द कानावर पडायचे. कोण फुटलं, कोण रुसलं, कुठला कागद कुठे अडला. शेवटी नेहमी एकच. "चला, हा विषय संपवा." घरातही तेच. मुलीला सहलीला पाठवायचं की नाही यावर आम्ही दोघं आठवडाभर कुरबुरत होतो. शेवटी ही म्हणाली, "ती जाणार. विषय संपला."

आता घरात कोणी असं म्हणत नाही. सगळे विषय तसेच पडून आहेत.

१४ फेब्रुवारी

मशीन चालू केलं. म्हातारबुवांची कवळी पूर्ण केली. त्यांनी ती बसवली आणि पहिलं वाक्य बोलले, "बाई फार चांगल्या होत्या हो." 'च'च्या ठिकाणी अजून शिट्टी वाजते. पुढच्या आठवड्यात घासून देईन.

२६ फेब्रुवारी

पोटनिवडणूक जाहीर झाली. अध्यक्ष पुन्हा आले. हिच्या खुर्चीवर बसायला गेले आणि न बसता बाजूच्या वेताच्या स्टुलावर बसले. चतुर माणूस.

म्हणाले, "उभं राहा."

मी म्हटलं, मला भाषण येत नाही.

"उत्तम. भाषण येणारे माझ्याकडे ढिगाने आहेत. तिचा नवरा असलेला एकच."

मी म्हटलं, मी कवळ्या करतो.

"मग तर राजधानीत गिऱ्हाइकी जोरात चालेल तुमची. आमच्यातले निम्मे तोंड उघडायला घाबरतात ते त्याच्यामुळेच."

सगळे हसले. मीही थोडा हसलो असेन. उत्तर दिलं नाही. त्यांना तेही आवडलं. "हे असंच गप्प बसायचं. लोकांना तुमचं गप्प बसणं फार लागतंय मनाला."

लेक स्वयंपाकघरातून ऐकत होती. ती दुसऱ्या शहरात वकिली करते, अंत्ययात्रेला आली ती अजून थांबली आहे. ते गेल्यावर म्हणाली, "बाबा, तुम्ही लोकांना 'आ करा' एवढंच म्हणता. संसदेत काय म्हणणार?"

"तेच."

पुष्कळ दिवसांनी हसली. मग गंभीर झाली. "नका उभे राहू. पैलवानाच्या हातातलं बाहुलं व्हाल."

१ मार्च

गल्लीत परत जाळपोळ. वेल्डरच्या चुलत्याच्या डोळ्यात ॲसिड टाकलं. दोन मुली शाळेतून घरी येताना दगडांत सापडल्या. एकीचं डोकं फुटलं. हे सगळं हिचा फोटो हातात धरून चाललंय. तोच फोटो, हसणारा.

२ मार्च

सकाळी लॅबच्या मागच्या दाराशी एक बाई. डोक्याला पट्टी, अर्धा चेहरा झाकलेला. मला वाटलं दातांचं काही असेल. आत बोलावलं, तर उंबऱ्याच्या आत आली आणि तिथेच थांबली.

"दादा, मी बसत नाही. मी कोणाची बायको ते तुमच्या अंगणात कळलं तर मी इथून बाहेर पडणार नाही."

वेल्डरची बायको.

"तुमच्या बाईंना मारलं तेव्हा हे शाळेच्या फाटकावर शिडी लावून जोडकाम करत होते. हेडमास्तर खाली उभे होते. आता हेडमास्तर बोलत नाहीत. त्यांचंही घर आहे, जळायला किती वेळ लागतो."

ती घाईत होती, एकेक शब्द मोजून आणल्यासारखी बोलत होती.

"मला न्याय वगैरे नको. हॉस्पिटलात माणसं येतात. खाटेपाशी उभी राहतात, यांच्या पायाच्या प्लास्टरवर टिचकी मारतात, हसतात आणि जातात. रोज. यांना मारू देऊ नका, एवढंच. तुमच्या पैलवानाला सांगा."

"माझं कोण ऐकतं?"

"ऐकतील. तुम्ही काय म्हणता याचीच सगळे वाट बघतायत, दादा. बाईंची आता नाही. तुमची."

ती गेल्यावर मी बराच वेळ उंबऱ्याकडे बघत बसलो. हिच्या मारेकऱ्याचा मला राग आहे. तो सापडला तर मी काय करीन मला माहीत नाही. पण हा तो नव्हे. ती बाई खोटं बोलत नव्हती.

संध्याकाळी व्हरांड्यात पंधरा-वीस माणसं होती. पैलवानाला सगळ्यांसमोर हाक मारली. मी अशी हाक कधी मारत नाही, त्यामुळे सगळे गप्प झाले. म्हटलं, "पैलवान, झालं तेवढं पुरे. त्या वेल्डरचा विषय आता संपवा."

पैलवान माझ्याकडे बघत राहिला. "नक्की ना, भावोजी?"

"नक्की."

"बास. तुमच्या तोंडून यायला हवं होतं." माझा हात दोन्ही हातांत घेतला. त्याचे डोळे भरले होते. मला वाटलं, दांडगट असला तरी माणूस आहे.

आज झोप लागेल असं वाटतं.

३ मार्च

गाव शांत. चौकातली टोळकी उठली. गल्लीत लोक जळके पत्रे उचलताना दिसले. गल्लीतली पोरंसुद्धा शाळेत गेली.

मी एक वाक्य बोललो आणि एवढं थांबलं. हिला रोज काय वाटत असेल, ते आज थोडं कळलं. लेकीला म्हटलं, उभा राहीन म्हणतो. आत बसून राहण्यापेक्षा बरं. ती माझ्यापुढचा कप उचलून आत गेली.

४ मार्च

उमेदवारी अर्ज भरला. अधिकाऱ्याने व्यवसाय विचारला. मी सांगितल्यावर तो आपल्या दाढेविषयी बोलायला लागला.

५ मार्च

काल दुपारी, मी अर्ज भरत होतो तेव्हा, वेल्डरला हॉस्पिटलात मारलं.

भेटायच्या वेळेत चौघं गेले. राखणीचा पोलीस खाली चहाला गेला होता. ऑक्सिजनच्या सिलिंडरने डोकं ठेचलं. पाय प्लास्टरमध्ये, त्याला वळताही आलं नाही. शेजारच्या खाटेवरचा रोगी भिंतीकडे तोंड करून पडला होता, त्याने काही पाहिलं नाही. त्याच्या पाठीवर रक्ताचे शिंतोडे होते.

पैलवान सकाळी लॅबमध्ये आला. आंघोळ केलेली, इस्त्रीचा शर्ट. रोग्याच्या खुर्चीवर बसला. "झालं, भावोजी. विषय संपला."

मला अजूनही कळलं नव्हतं. मी विचारलं, कोणी केलं हे?

"आपल्याच पोरांनी. तुम्ही सांगितलंत ना."

"मी थांबवा म्हणून सांगितलं."

"तुम्ही संपवा म्हणालात." तो गोंधळला. खरोखर गोंधळला, नाटक नव्हतं. "वीस माणसांसमोर म्हणालात. मी परत विचारलं, नक्की ना."

मी म्हटलं, संपवा म्हणजे मिटवा. बंद करा.

"मिटवा वेगळं, भावोजी. ताई मिटवा म्हणाल्या की नुसता हात चालवायचा. दोन-चार दात. तुमचाच धंदा चालायचा की." हसला. मी हसत नाही हे बघून थांबला. "आणि संपवा म्हणजे संपवा. ताई त्याच्या पुढे एक अक्षर बोलायच्या नाहीत. मलाही विचारावं लागायचं नाही. तुम्हाला माहीत होतं ना? इतकी वर्षं तुम्ही इथे, भिंतीच्या पलीकडे."

मी विचारलं, आणि तिला एखाद्याला सोडून द्यायचं असेल तर? तेव्हा काय म्हणायची?

त्याने विचार केला. डोकं खाजवलं. "तेव्हा काहीच नाही म्हणायच्या. गप्प राहायच्या. आम्ही समजायचो."

मग उठता उठता, माझी समजूत घालावी तसं म्हणाला, "तुम्ही गप्प होतात तोवर आम्हीही थांबलोच होतो ना. पोरं रोज जाऊन बघून यायची फक्त. तुमच्या शब्दाशिवाय कोणी हात लावला नसता."

६ मार्च

कपाट उघडलं. प्लास्टरचे जुने साचे. वरचे पुढचे दात नसलेले जबडे, ओळीने. मी नेहमी गमतीने म्हणायचो, या गावात लोक फार पडतात. हीसुद्धा हसायची. "रस्ते नीट करतेय ना मी," म्हणायची.

७ मार्च

लेकीला सगळं सांगितलं. ती भांडी पुसत होती, पुसत राहिली.

"आई संपवा म्हणाली की मी रेडिओ मोठा करायचे," म्हणाली.

कधीपासून कळलं होतं, विचारलं.

"शाळेत होते. इंजिनियरकाका पाण्याच्या टाकीवरून पडले तेव्हा. आदल्या रविवारीच व्हरांड्यात त्यांचं नाव निघालं होतं."

गटारापाशी नाकाला रुमाल लावून उभा असायचा तो. पुढे कुठल्यातरी कामावर सही करत नव्हता. एवढंच मला माहीत होतं. त्याच्या घरी सांत्वनाला ही आणि मी बरोबर गेलो होतो. हिने त्याच्या आईला जवळ घेतलं होतं.

"मला का नाही सांगितलंस?"

"मला वाटलं तुम्हाला माहीत आहे. तुम्ही मशीन चालू करायचात, बाबा."

मी मशीन कामासाठी चालू करायचो. संध्याकाळी काम असायचं. असायचंच.

हिची आठवण येते. हे सगळं कळूनही येते. दात दिसत होते का, हे विचारणारा तो आवाज. तो खोटा नव्हता. मग 'संपवा' म्हणणारा दुसरा खोटा म्हणावा तर तोही तिचाच.

९ मार्च

पोलीस ठाण्यात गेलो. साहेब उठून उभे राहिले. खुर्ची दिली. मी म्हटलं, वेल्डरला मारायला मी सांगितलं. लिहून घ्या.

"नेमकं काय म्हणालात?"

"विषय संपवा म्हणालो."

ते माझ्याकडे बघत राहिले, मग हवालदाराकडे. "अहो, हे तर मी रोज घरी म्हणतो. बायको अजून जिवंत आहे माझी." हवालदार हसला. मग साहेब प्रेमाने म्हणाले, "तुमच्यावर मोठा आघात झालाय. घरी जा. आराम करा." स्वतःच्या गाडीने घरी सोडलं.

घरी पोचलो तर पैलवान दारात. "ठाण्यात गेला होतात म्हणे." माझ्या खांद्यावर हात ठेवला. दाबला नाही, नुसता ठेवला. तरी रात्रीपर्यंत खांदा जड होता.

१२ मार्च

दंतवैद्याकडून माप आलं. वरचे पुढचे चार. सोबतच्या चिठ्ठीत लिहिलंय, शाळेचे हेडमास्तर, जिन्यावरून पडले.

१५ मार्च

अर्ज मागे घ्यायचा शेवटचा दिवस. सकाळीच अध्यक्षांना फोन केला. म्हटलं, मला नको.

"ठीक. मग आमचा दुसरा अर्ज पैलवानाचा आहे. तो उभा राहील."

मला हे माहीत नव्हतं. पैलवानाला विचारलं. "हो, तुमच्यानंतर मीच. कोणीतरी लागतंच ना ताईंचं काम पुढे न्यायला." मग सहज, दुसरा काही विषय काढावा तसं, "ती वेल्डरची बायको फार बोलत फिरते, भावोजी. वकील शोधतेय. तिचं काय करायचं?"

मी गप्प राहिलो. जितका गप्प राहता येईल तितका. त्याच्या डोळ्यात बघत.

"बरं," म्हणाला. "राहू द्या म्हणता. राहू दे."

अर्ज मागे घेतला नाही. मी खुर्चीत असेन तोवर तो माझ्या तोंडाकडे बघेल. तो खुर्चीत बसला की त्याला कोणाकडेच बघायचं नाही. लेकीला हे सांगितलं. ती म्हणाली, "आईनेही सुरुवातीला असंच काहीतरी ठरवलं असेल."

२० मार्च

प्रचाराची पहिली सभा, बाजाराच्या मैदानात. मागे हिचा दोन मजली फोटो.

ठरवून गेलो होतो. कायदा ऐकत नाही तर लोकांना सांगायचं. खरं कळलं की तेच मला पाडतील, आणि चारचौघांत नाव निघालं की पैलवानालाही लपता येणार नाही. लेकीला आधी सांगितलं नव्हतं. ती पहिल्या रांगेत होती.

माईक माझ्यासाठी खाली केला. मी म्हटलं, "मी फार बोलत नाही. एकच सांगायला आलोय. त्या वेल्डरला मी मारलं."

मग मैदान उठलं. आवाज आधी पोटात लागला, मग कानात. माणसं खुर्च्यांवर चढली. खुर्च्या मोडल्याचं ऐकू आलं. मी पुढे बोलत होतो. त्याने काही केलं नव्हतं, तो शिडीवर होता, पैलवानाच्या माणसांनी माझ्या शब्दावरून मारलं, हे चुकीचं झालं, फार चुकीचं झालं. ओठ हलत होते. माझं मलाच ऐकू येत नव्हतं. कोणीतरी मला मागून उचललं. खांद्यावर. वरून मला लेक दिसली. तिने दोन्ही हातांनी तोंड झाकलं होतं.

सभेवरून परतताना जमावाने जळक्या गल्लीत उरलेली तीन घरंही पेटवली. एका म्हाताऱ्याला बाहेर येता आलं नाही.

पैलवान रडत होता. मला मिठी मारून म्हणाला, "भावोजी, असं उघड बोलायची हिंमत ताईंचीही कधी झाली नाही."

२१ मार्च

लेक गेली. जाताना म्हणाली, "कोणाला काही सांगू नका आता, बाबा. कृपा करून."

२९ मार्च

दुसऱ्या शहरात एक माणूस स्वतःहून पोलिसांत हजर झाला. बसस्थानकावर सळई त्याने घातली. सळईचा तुकडा आणि रक्ताचे कपडे घेऊनच आला. तो इंजिनियरचा धाकटा भाऊ. आईच्या मरण्याची वाट बघत होतो, म्हणाला. ती जानेवारीत गेली.

मला वाटलं होतं, तो सापडला की राग येईल. मी बातमी दोनदा वाचली आणि घडी घालून ठेवली.

पैलवान म्हणाला, "म्हणजे वेल्डरच्या बाबतीत आपलं चुकलंच." घड्याळ बघितलं. "पण आता मतदान तोंडावर आहे, भावोजी." भिंतीवरचे फलक तसेच आहेत. माझा फोटो, खाली अक्षरं — बोललं ते केलं.

८ एप्रिल

निकाल लागला. हिलाही कधी पडली नव्हती इतकी मतं पडली. वेल्डरांच्या गल्लीतून एकही मत विरोधात गेलं नाही.

संध्याकाळी लॅबच्या मागच्या दाराशी वेल्डरची बायको. उंबऱ्याबाहेरच उभी. बोट पुढे करून शाई दाखवली. "तुम्हालाच दिलं, साहेब. आमच्या घरातल्या सगळ्यांनी. आता आम्हाला राहू द्या."